डोळे हलवले की ट्रॉमा बाहेर पडतो म्हणे

परवा एक रील समोर आलं. त्यात एक बाई सांगत होत्या, तीस सेकंद डोळे डावीकडे-उजवीकडे फिरवा, मेंदूचे दोन्ही भाग सिंक होतात आणि आत अडकलेला ट्रॉमा, म्हणजे जुना मानसिक धक्का, बाहेर पडतो. खाली नुसते हात जोडलेले इमोजी. माझी चिडचिड झाली, कारण यातलं निम्मं खरं आहे, आणि त्या खऱ्या भागामागचं कारण इतकं भारी आहे की ते सोडून लोक हे सिंक-बिंक का सांगत बसतात देव जाणे.

तर खरा भाग असा. ईएमडीआर नावाची एक थेरपी आहे, डोळे हलवून त्रासदायक आठवणीची धार कमी करणारी. १९८७ साली अमेरिकेत मानसशास्त्रज्ञ फ्रान्सीन शपिरो यांना बागेत फिरताना जाणवलं की डोळे झरझर इकडून तिकडे हलले की मनात घोळणाऱ्या त्रासदायक विचाराची धार कमी होते. त्यावरून त्यांनी उपचारपद्धत उभी केली. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१३ च्या मार्गदर्शक सूचनांमध्ये पीटीएसडीसाठी, म्हणजे मोठ्या धक्क्यानंतर मागे लागणाऱ्या मानसिक त्रासासाठी, ही थेरपी आहे, म्हणजे हे काही गंडेदोरे नाहीत. सेशनमध्ये पेशंटने अपघाताचं सगळ्यात वाईट चित्र मनात आणायचं, समजा ट्रकचे हेडलाइट अंगावर येतायत, आणि त्याच वेळी थेरपिस्टची दोन बोटं समोर हलतात त्यांच्यामागे डोळे न्यायचे. जेमतेम अर्धा मिनिट. मग थांबून विचारतात, आता काय येतंय मनात? त्रास ० ते १० मध्ये किती? आणि पुन्हा तेच.

आता हे चालतं कसं, हा माझा आवडता भाग. १९७४ मध्ये बॅडली आणि हिच या दोन मानसशास्त्रज्ञांनी वर्किंग मेमरीचं मॉडेल मांडलं. या क्षणाला आपण मनात जे धरून ठेवतो ते या मेमरीत असतं आणि तिची जागा फार थोडी असते, अगदी स्वयंपाकघरातल्या ओट्यासारखी, डबे फळीवर कितीही असोत, ओट्यावर एका वेळी मावणार चारच. शिवाय यात चित्रांचा भाग वेगळा आणि शब्दांचा वेगळा. जुनी आठवण डोळ्यासमोर आणली की ती चित्रांच्या भागात येते. त्याच वेळी बोटाचा पाठलाग केला की तीच जागा त्यालाही लागते, मग दोघांची ओढाताण होते आणि आठवणीचं चित्र फिकं पडतं.

हे नुसतं म्हणणं नाहीये. २००८ मध्ये गंटर आणि बॉडनर यांनी डोळे आडवे न हलवता वर-खाली हलवायला लावले, तर तेवढाच परिणाम! म्हणजे डावा-उजवा मेंदू जोडण्याची थिअरी तिथेच आडवी झाली. गुंतागुंतीची आकृती काढायला लावली तरी आठवण फिकी पडते. नेदरलँड्समध्ये मार्सेल व्हॅन डेन हाउट यांच्या गटाने दाखवलं की कानात नुसते बीप वाजवले तर परिणाम कमी, कारण बीप ऐकायला फारसं डोकं लागत नाही. आणि गंमत म्हणजे चांगल्या आठवणीसुद्धा अशाच फिक्या होतात, तेव्हा आजीच्या अंगणातली संध्याकाळ आठवताना डोळे गरगर फिरवू नका.

पण फिकेपणा टिकतो कसा? २००० साली नेडर, शाफ आणि लेडू या शास्त्रज्ञांनी उंदरांना ज्या आवाजाची भीती आधी बसवली होती तो पुन्हा ऐकवला आणि लगेच अमिग्डालामध्ये, म्हणजे मेंदूतल्या भीतीशी संबंधित भागात, नवीन प्रोटीन बनणं थांबवणारं औषध टोचलं, तर ती भीती नंतर परतलीच नाही. आवाज न ऐकवता औषध दिलं तर भीती जशीच्या तशी. अर्थ असा की बाहेर काढलेली आठवण काही काळ ओली असते आणि परत ठेवताना पुन्हा पक्की करावी लागते, याला रिकन्सॉलिडेशन म्हणतात. मग ती ओली असताना चित्र फिकं केलं तर परत ठेवली जाते तीही फिकीच, असा अंदाज. माणसात हे नेमकं असंच घडतं का यावर वाद चालू आहे, पण कल्पना झकास आहे.

याच धाग्यावर मानसशास्त्रज्ञ एमिली होम्स यांनी टेट्रिस आणलं. हो, तोच १९८४ साली मॉस्कोत पाजित्नोव्हने बनवलेला गेम. पडणारा ठोकळा मनातल्या मनात फिरवून कुठे बसेल हे बघायचं म्हणजे शंभर टक्के चित्रांचं काम. अपघातांची भयानक दृश्यं दाखवून थोड्या वेळाने टेट्रिस खेळायला दिलं तर आठवडाभरात ती दृश्यं अचानक डोळ्यासमोर येणं कमी झालं, आणि शब्दांची प्रश्नमंजुषा दिली तर उलट वाढलं. पुढे ऑक्सफर्डच्या एका हॉस्पिटलमध्ये रस्ते अपघातानंतर सहा तासांच्या आत आलेल्या ७१ जणांवर हेच करून बघितलं. त्यातल्या निम्म्यांना अपघात थोडक्यात आठवायला लावून मग टेट्रिस दिलं आणि पहिल्या आठवड्यात त्यांच्यात अशा अचानक येणाऱ्या आठवणी बाकीच्यांपेक्षा ६२ टक्के कमी. अभ्यास छोटा आणि हिशोब आठवड्याचा, म्हणून ‘गेम खेळा पीटीएसडी टाळा’ असली हेडलाइन दिसली तर पुढे सरका.

त्याच ऑक्सफर्डमधली आणखी एक गोष्ट. आपल्याकडे अपघातातून वाचलेल्या माणसाभोवती घोळका जमतो, सांग ना काय झालं, रड, मन मोकळं कर. नव्वदच्या दशकात तिथे अपघातग्रस्तांना दोन-एक दिवसांत गाठून तासभर सगळं बोलतं करून बघितलं. तीन वर्षांनी तपासलं तर सुरुवातीला ज्यांना जास्त त्रास होता त्यांच्यात बोलतं केलेल्यांचीच अवस्था वाईट होती, बोलतं न केलेले बरेचसे आपोआप सावरले होते. म्हणून आता सल्ला असतो की पाणी द्या, घरच्यांना फोन लावून द्या, शेजारी बसा, तो बोलला तर ऐका, खोदून विचारू नका. आणि धसका घेतलाय, त्या वळणावर काहीतरी आहे म्हणून उतारा टाकणाऱ्यांना दारातूनच परत पाठवा, नाहीतर त्या बिचाऱ्याला अपघाताच्या भीतीवर आणखी भुताची भीती.

महिना उलटूनही झोप नाही, गाडीचा हॉर्न ऐकला की अंग कापतंय, तो रस्ताच टाळला जातोय, असं असेल तर रीलवर डोळे फिरवत बसू नका. ट्रॉमाचं प्रशिक्षण घेतलेला थेरपिस्ट गाठा, कारण आठवण उघडणं सोपं असतं, ती उघडल्यावर माणसाला सांभाळायला समोर कुणीतरी लागतं. कुठून सुरुवात करावी कळत नसेल तर सरकारची टेली मानस हेल्पलाइन १४४१६, फुकट आहे आणि मराठीतही बोलता येतं.