दूरचित्रवाणीवरील आरंभीचे व्हिडिओ गेम स्पर्धक

व्हिडिओ गेममध्ये कॅमेऱ्यासमोर चढाओढ करणारे खेळाडू. ही प्रथा अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत १९८० च्या आगेमागे उदयास आली.

पहिला स्पर्धक कोणास म्हणावे याबाबत एकमत नाही. काही अभ्यासक १९७८ च्या सुमारास स्थानिक केंद्रांवर सुरू झालेल्या ‘टीव्ही पॉव’ या कार्यक्रमापर्यंत मागे जातात. त्यात प्रेक्षक घरून दूरध्वनी करी, फेअरचाइल्ड चॅनल एफ या घरगुती व्हिडिओ गेम यंत्रावरचा खेळ आपल्या संचावर पाही आणि नेम जुळताच ‘पॉव’ असे ओरडे. न्यूयॉर्कच्या डब्ल्यूपीआयएक्स केंद्रासाठी मुले ‘पिक्स’ म्हणत. यंत्र आवाज ओळखून आपोआप गोळी झाडी, की केंद्रातला कर्मचारी ऐकून कळ दाबी, याविषयीची माहिती परस्परविरोधी आहे. जेथे कळ कर्मचारी दाबत असेल, तेथे स्पर्धकाच्या हाताला कामच उरत नाही. शिवाय समोर प्रतिस्पर्धीही नसे. म्हणून आरंभ ‘स्टारकेड’पासून धरणे अधिक सयुक्तिक वाटते.

जेम्स करूसो व मेव्हिस आर्थर यांची निर्मिती असलेला ‘स्टारकेड’ डिसेंबर १९८२ मध्ये अटलांटाच्या डब्ल्यूटीबीएस वाहिनीवर सुरू झाला आणि १९८४ पर्यंत चालला. सूत्रसंचालक आधी मार्क रिचर्ड्स, नंतर जेफ एडवर्ड्स. स्पर्धक एकेकटे किंवा जोडीने येत. व्हिडिओ गेमविषयक प्रश्नाचे उत्तर प्रथम देणारा मंचावरील पाच यंत्रांपैकी एक निवडी आणि दोघेही त्यावर मिनिटभर किंवा त्याहून कमी वेळ खेळत. पडद्यावरील चित्रांवरून खेळ ओळखण्याची फेरीही असे. विजेत्याला अखेरीस ३० सेकंदांत, आधी तोच खेळ खेळलेल्या २० जणांच्या सरासरीहून अधिक गुण मिळवावे लागत. जमले तर आर्केडमधले (नाणे टाकून व्हिडिओ गेम खेळण्याच्या दालनातले) आख्खे यंत्र बक्षीस मिळू शके.

या वेळमर्यादेनेच स्पर्धकाचा साचा ठरवला. आर्केडमधला नामांकित खेळाडू एका नाण्यावर तासन्‌तास टिके. ते सारे चिवट कसब येथे निरुपयोगी होते. जीव वाचवत सावध खेळणारा मागे पडे, पहिल्याच पडद्यावर झटपट गुण कोठे मिळतात हे जाणणारा पुढे जाई. विक्रमवीर आणि दूरचित्रवाणीवरचा विजेता या दोन निराळ्या जाती मानाव्यात, हे मत येथे ग्राह्य धरले आहे.

दोहोंना जवळ आणणारा प्रसंग आयोवा राज्यातील ओटम्वा गावी घडला. वॉल्टर डे यांच्या ‘ट्विन गॅलक्सीज’ आर्केडमध्ये ८ व ९ जानेवारी १९८३ रोजी ‘फ्रॉगर’, ‘मिलिपीड’, ‘जाउस्ट’, ‘सुपर पॅक-मॅन’ व ‘डाँकी काँग ज्युनियर’ या पाच खेळांत निवडक खेळाडूंची स्पर्धा झाली. टेक्ससचा बेन गोल्ड विजयी ठरला. एबीसी वाहिनीच्या ‘दॅट्स इन्क्रेडिबल!’ कार्यक्रमात ती २१ फेब्रुवारीस दाखवण्यात आली.

ब्रिटनमध्ये चॅनल फोरवर १९९२ मध्ये ‘गेम्समास्टर’ आला. त्यात खगोलशास्त्रज्ञ पॅट्रिक मूर पडद्यावरून आव्हाने सांगत. ती पार करणाऱ्यास सोनेरी जॉयस्टिक मिळे.