पब्जी मोठी की फ्री फायर? या भांडणामागची जुनी गोष्ट

२०१९ च्या गणपतीत आमच्या मंडळाच्या मांडवामागे रात्री जागायला दहा-बारा पोरं असायची आणि सतरंजीवर सरळ सरळ दोन गट पडलेले. एकीकडे पब्जीवाले, एका कानात इयरफोन, फोनला पॉवर बँक, मध्येच कोणीतरी ओरडणार "अरे समोर स्क्वॉड आहे, रिव्हाइव्ह दे रिव्हाइव्ह दे". दुसरीकडे माझा मामेभाऊ आणि त्याचे दोघं-तिघं दोस्त, दोन जीबी रॅमचे फोन आणि फ्री फायर. पब्जीवाले त्यांना "काय कार्टून खेळताय रे" म्हणून चिडवायचे आणि ते म्हणायचे, तुमची एक मॅच होईपर्यंत आमच्या तीन उरकतात. खरं सांगायचं तर दोघंही बरोबर होते. पण कोण जास्त पॉप्युलर हे भांडण त्या सतरंजीवर मिटलं नाही आणि आजही मिटलेलं नाही, कारण गेम कसा आहे यावर ते कधी ठरतच नव्हतं. ते ठरलं फोनमध्ये रॅम किती, डेटा कितीला, आणि नंतर दिल्लीतून कुठली यादी निघाली यावर. ते कसं, हे सांगायला जरा मागे जावं लागेल.

हे दोन्ही गेम बॅटल रॉयल प्रकारचे, म्हणजे शेवटपर्यंत जो टिकेल तो जिंकला, आणि हे नावच मुळात जपानी कादंबरीचं. कौशुन ताकामीची कादंबरी १९९९ मध्ये आली, २००० मध्ये किंजी फुकासाकूने त्यावर सिनेमा काढला, शाळेतली पोरं बेटावर सोडलेली आणि शेवटी एकानेच जिवंत राहायचं. तो सिनेमा डोक्यात बसलेला एक आयरिश माणूस, ब्रेंडन ग्रीन, तेव्हा ब्राझीलमध्ये राहत होता, फोटोग्राफी आणि वेब डिझाईन करून पोट भरायचा. त्याने २०१३ च्या सुमारास आर्मा २ या युद्धाच्या गेमवरच्या डेझी नावाच्या मॉडवर (मॉड म्हणजे तयार गेममध्ये बदल करून केलेली आवृत्ती) स्वतःचा मॉड बनवला. यातली मला सगळ्यात आवडणारी गोष्ट म्हणजे तो झोन, म्हणजे खेळायची लहान लहान होत जाणारी जागा. आपण सगळे ज्या निळ्या गोलाला शिव्या देत पळालो तो गोल आहे कारण ग्रीनला चौकोनी झोन हवे होते पण तेवढं कोडिंग त्याला जमत नव्हतं, म्हणून गोलावर भागवलं. पुढे आलेल्या जवळजवळ सगळ्या गेमनी तो गोल तसाच उचलला.

मग सोनी ऑनलाईनच्या जॉन स्मेडलीने त्याला एच१झेड१ या गेमसाठी बोलावलं, तिथे ही कल्पना पहिल्यांदा मोठ्या कंपनीच्या गेममध्ये आली. त्यानंतर कोरियातल्या ब्लूहोल कंपनीचा प्रोड्युसर किम चांग-हान याने ग्रीनला मेल टाकली, ग्रीन कोरियाला गेला, आणि २३ मार्च २०१७ ला स्टीमवर, म्हणजे कॉम्प्युटर गेमच्या ऑनलाईन दुकानात, प्लेअरअननोन्स बॅटलग्राउंड्स, म्हणजेच पब्जी, आला. प्लेअरअननोन हे ग्रीनचंच ऑनलाईन नाव, म्हणजे पब्जीतला पी आणि यू हा त्या माणसाचा. किंमत तीस डॉलर, गेम अर्धवट शिजलेला, बग्जची खाण, दरवाजा उघडला तर आतलं सामान दिसायला वेळ लागायचा, आणि तरी लोक तुटून पडले. जानेवारी २०१८ मध्ये एकाच वेळी साडेबत्तीस लाख लोक स्टीमवर हा गेम खेळत होते. तोपर्यंत स्टीमवर एवढी गर्दी कुठल्याच गेमला झाली नव्हती.

आता इथे एपिक गेम्स येते, आणि इथेच पहिलं खरं भांडण सुरू होतं. पब्जी ज्या अनरिअल इंजिनवर, म्हणजे गेम बनवायच्या सॉफ्टवेअरवर, बनलाय ते इंजिन एपिकचं. म्हणजे ब्लूहोल एपिकला इंजिनचे पैसे देणारं गिऱ्हाईक. एपिकचा स्वतःचा फोर्टनाईट जुलै २०१७ मध्ये आलेला, पण तो झॉम्बीसारख्या भुतांना अडवायला भिंती बांधायचा गेम होता, फार कोणी विचारत नव्हतं. एपिकने दोनेक महिन्यांत त्यात शंभर लोकांचा मोड घातला आणि २६ सप्टेंबर २०१७ ला फुकटात सोडला. दोन आठवड्यांत एक कोटी लोक. ब्लूहोलने आधी जाहीर तक्रार केली, मग २०१८ मध्ये कोरियात केस टाकली आणि काही महिन्यांत गपचूप मागे घेतली. गंमत अशी की टेन्सेंट या चिनी कंपनीचा पैसा एपिकमध्येही होता आणि ब्लूहोलमध्येही, म्हणजे कोणी जिंकलं तरी टेन्सेंटच्या घरात दिवाळी.

अमेरिकेत मग फोर्टनाईट सुटला तो सुटलाच. मार्च २०१८ मध्ये निन्जा नावाचा स्ट्रीमर आणि रॅपर ड्रेक एकत्र खेळले तेव्हा ट्विच या लाईव्ह गेम दाखवणाऱ्या साईटवर एकाच वेळी सहा लाखांवर लोक बघत होते. २०१९ च्या वर्ल्ड कपमध्ये बुगा नावाच्या सोळा वर्षांच्या पोराने तीस लाख डॉलर जिंकले. त्याच ऑक्टोबरमध्ये एपिकने अख्खा नकाशा काळ्या छिद्रात गिळून टाकला आणि लोक दीड दिवस तो काळा पडदा बघत बसले. पडदा! मध्ये फेब्रुवारी २०१९ ला एपेक्स लेजेंड्स काही जाहिरात न करता आला आणि महिन्याभरात पाच कोटी लोक घेऊन गेला, मार्च २०२० ला कॉल ऑफ ड्यूटीचा वॉरझोन आला, तेव्हा जगभर लोक नुकतेच घरात कोंडले जात होते, त्यामुळे त्याचं तर फावलंच.

पण आपल्याकडे फोर्टनाईट कधी लागलाच नाही, आणि यात चवीचा प्रश्न फार नव्हता. २०१८ मध्ये तो अँड्रॉईडवर आला तोच आधी सॅमसंगच्या महागड्या फोनवर, प्ले स्टोअरवर नाहीच, एपिकच्या साईटवरून उतरवायचा. भारतात सर्व्हर नाही, त्यामुळे पिंग, म्हणजे सर्व्हरपर्यंत जायला-यायला लागणारा वेळ, असा की तुम्ही गोळी मारेपर्यंत समोरचा तीन मजली इमारत बांधून मोकळा. एप्रिल २०२० ला प्ले स्टोअरवर आला आणि ऑगस्टमध्ये एपिकने पेमेंटवरून ॲपल आणि गुगलशी एकाच दिवशी पंगा घेतला, दोघांनीही काढून टाकला. चार महिने! म्हणजे आपल्या पोरांनी फोर्टनाईट नाकारला म्हणणं म्हणजे ज्याला पंगतीत बसवलंच नाही त्याला जेवण आवडलं नाही म्हणण्यासारखं आहे.

पब्जी मोबाईलचं मात्र उलट झालं. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ सुरू झालं, रोजचा एक-दीड जीबी डेटा पोराटोरांच्या हातात आला, दहा-बारा हजारात बऱ्यापैकी फोन मिळायला लागले आणि बरोब्बर तेव्हा, मार्च २०१८ ला, टेन्सेंटच्या लाईटस्पीड अँड क्वांटम स्टुडिओने पब्जी फोनवर आणला, तोही फुकट. वर पहिल्या काही मॅचमध्ये समोर निम्मे बॉट्स, म्हणजे कॉम्प्युटरने चालवलेले खेळाडू, त्यामुळे नवीन माणसाला पहिल्याच संध्याकाळी चिकन डिनर (पब्जीत मॅच जिंकल्याचं नाव) मिळायचं आणि तो कायमचा अडकायचा (मीही तसाच अडकलो, आणि ते बॉट होते हे कळायला मला तीन महिने लागले). गावाकडे त्याचं नाव लगेच पब्जी झालं, मग कुठलाही बंदुकीचा गेम म्हणजे पब्जी, जसं कुठलंही वनस्पती तूप म्हणजे डालडा. आई हाक मारते, पोरगं म्हणतं दोन मिनिट, आईला पटत नाही की हा गेम थांबवता येत नाही, मग चार्जर काढून घेतला जातो. हा सीन घरोघरी एकच.

जानेवारी २०१९ मध्ये परीक्षा पे चर्चामध्ये एका आईने मुलाच्या ऑनलाईन गेमची तक्रार केली आणि पंतप्रधानांनी विचारलं, "ये पब्जी वाला है क्या?" हॉलमध्ये हशा पिकला. मला वाटतं गेमची यापेक्षा मोठी जाहिरात कोणीच केली नसेल. त्याच महिन्यात मुंबई हायकोर्टात अकरा वर्षांच्या एका मुलाच्या नावाने बंदीची याचिका गेली, मार्चमध्ये राजकोट पोलिसांनी शहरात बंदी घालून खेळणाऱ्या पोरांना उचललंसुद्धा. आणि त्याच मार्चमध्ये हैदराबादला एक कोटीच्या बक्षिसांची स्पर्धा झाली ती टीम सोलने जिंकली, तिचा कॅप्टन मॉर्टल म्हणजे मुंबईचा नमन माथूर. एकाच महिन्यात एका शहरात गेम खेळला म्हणून अटक आणि दुसऱ्या शहरात त्याच गेमसाठी बक्षिसाचा मोठा चेक.

आता मामेभावाकडे वळू. फ्री फायर हा व्हिएतनामच्या १११डॉट्स स्टुडिओने बनवलेला आणि सिंगापूरच्या गरेनाने २०१७ च्या शेवटी आणलेला गेम, म्हणजे पब्जी मोबाईलच्याही आधी फोनवर आलेला, हे बऱ्याच पब्जीवाल्यांना सांगून पटत नाही. शंभरऐवजी पन्नास लोक, नकाशा छोटा, दहा-पंधरा मिनिटांत मॅच खलास. हे गावाकडच्या पोराला बरोबर बसतं, कारण लाईट कधी जाईल, रेंज कधी जाईल आणि फोन बाप कधी मागून घेईल याचा काही नेम नाही. एक जीबी रॅमवरसुद्धा तो रडतखडत का होईना चालायचा. मामेभाऊ घराच्या माळवदावर पाण्याच्या टाकीला टेकून बसायचा कारण रेंज तिथेच, आणि पंधरवड्याला साठवलेल्या पैशातून टपरीवाल्याकडून रिडीम कोड घ्यायचा, डीजे आलोक घ्यायला लागणाऱ्या डायमंडसाठी (डायमंड म्हणजे गेममधलं चलन). आलोक हा ब्राझीलचा खराखुरा डीजे, गेममध्ये त्याचं कॅरेक्टर, घेतलं की आजूबाजूच्यांची हेल्थ वाढते. पुढे हृतिक रोशनवरून जय नावाचं कॅरेक्टरही आलं. पब्जीवाल्यांना हे सगळं पोरकट वाटायचं. बरं, त्यांनी २०१९ च्या जुलैत आलेल्या पब्जी लाईटलाही नाकं मुरडली होती, आणि तो लाईट आणावा लागला तोच मुळात मामेभावासारख्यांना ओढायला.

मग २०२०. लॉकडाऊन, गलवान, आणि त्या वर्षीचे ते सुने सुने गणपती, ना मिरवणूक ना मांडव. १ सप्टेंबरला अनंत चतुर्दशी झाली आणि २ सप्टेंबरला केंद्र सरकारने चीनशी संबंध असलेल्या ११८ ॲप्सवर बंदी घातली त्यात पब्जी. आमच्या ग्रुपवर एकाने लगेच टाकलं, "बाप्पा गेले आणि जाताना पब्जी घेऊन गेले". ऑक्टोबरअखेर सर्व्हरही बंद झाले. बंदीनंतर दोनच दिवसांत अक्षय कुमारने फौजी या गेमची घोषणा केली, तो २६ जानेवारी २०२१ ला आला, पण त्यात बॅटल रॉयल मोडच नव्हता, लोकांनी एकदा खेळून ठेवून दिला आणि स्टोअरवर रेटिंग पाडलं. खरा फायदा झाला फ्री फायरचा. सतरंजीच्या त्या बाजूची पोरं गुपचूप या बाजूला आली, पहिले काही दिवस "टाईमपास म्हणून टाकलाय" असं म्हणत. २०२१ मध्ये फ्री फायरचे जगभरातले रोजचे खेळणारे पंधरा कोटींवर गेले होते आणि हिंदी यूट्यूबवर टोटल गेमिंगसारखे चॅनल कोटींत पोचले होते.

जुलै २०२१ ला पब्जी बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाईल इंडिया) नावाने परत आला, क्राफ्टनने, म्हणजे ब्लूहोलवाल्यांच्याच कंपनीने, टेन्सेंटला बाजूला करून. रक्त हिरवं, अठरा वर्षांखालच्यांना दिवसाला तीन तास, आणि कोणी मेला की मेला म्हणायचं नाही, फिनिश म्हणायचं. चीनमध्ये तर याहून भारी प्रकार होता, तिथल्या आवृत्तीत मेलेला माणूस हात हलवून टाटा करतो आणि आपलं सामान सोडून जातो. असो. फेब्रुवारी २०२२ मध्ये ५४ ॲप्सची नवी यादी आली आणि यावेळी फ्री फायर गेला, कंपनी सिंगापूरची असूनही, आणि त्या बातमीवर त्यांची मालक कंपनी सी लिमिटेडचे शेअर एका दिवसात असे पडले की सोळा अब्ज डॉलर हवेत गेले. पण फ्री फायर मॅक्स, म्हणजे त्याच गेमची जरा चकचकीत आवृत्ती, यादीत नव्हती. मामेभावाने त्याच रात्री मॅक्स टाकला, जुनं अकाउंट जसंच्या तसं, आलोकसकट. पब्जीवाले हसत होते, पण त्यांचं हसू पाच महिने टिकलं. जुलै २०२२ मध्ये बीजीएमआयची स्पर्धा चक्क स्टार स्पोर्ट्सवर दाखवली गेली, कंपनीने दहा कोटी रजिस्टर्ड युजर झाल्याचं सांगितलं आणि २८ जुलैला बीजीएमआय स्टोअरवरून गायब. मे २०२३ मध्ये परत आला. त्याच ऑगस्टमध्ये गरेनाने धोनीला घेऊन फ्री फायर इंडियाची घोषणा केली, ५ सप्टेंबर तारीखही दिली, आणि ऐनवेळी पुढे ढकलली.

आता यात आकड्यांचं काय करायचं सांगा. पब्जीवाला स्टीमचा आकडा काढतो, तो फक्त कॉम्प्युटरवरच्यांचा, त्यात मोबाईल धरलेला नाही. फोर्टनाईट स्टीमवर नाहीच त्यामुळे त्या यादीत शोधून सापडणार नाही. एपिक मे २०२० ला पस्तीस कोटी म्हणाली ते रजिस्टर्ड, म्हणजे २०१८ मध्ये एकदा उघडून विसरून गेलेलाही त्यात आहे, शिवाय दोन-तीन अकाउंटवालेही आहेत. फ्री फायरचा पंधरा कोटींचा आकडा एका दिवसात खेळणाऱ्यांचा. एक म्हणतो आयुष्यात किती लोक जेवून गेले, दुसरा म्हणतो आज दुपारी पानावर किती आहेत, तिसरा म्हणतो आत्ता या मिनिटाला, आणि तिघं मिळून भांडतात की खाणावळ कोणाची मोठी. बंदी असलेल्या काळात जे व्हीपीएन लावून कोरियन आवृत्ती खेळत होते ते भारताचे धरायचे की कोरियाचे हे तर आणखी वेगळंच.

मध्येच पुण्याच्या सुपरगेमिंगने इंडस नावाचा भारतीय बॅटल रॉयल काढला, आधीच एक कोटीवर प्री-रजिस्ट्रेशन झालेलं, ऑक्टोबर २०२४ ला बाजारात आला, त्यात सर-ताज नावाचं एक कॅरेक्टर आहे. मी टाकून बघितला, कॉस्मियमची आयडिया झकास आहे, ते हाती लागलं की झोन संपायच्या आधीच मॅच जिंकता येते. पण माझा स्क्वॉड काही तिकडे आला नाही. कारण विचारलं तर चौघांचं उत्तर एकच, बाकीचे जिथे आहेत तिथे आम्ही.

मामेभाऊ आता चाकणला कंपनीत आहे, सहा जीबी रॅमचा फोन आहे, बीजीएमआय लोण्यासारखा चालेल त्यावर. मी मागच्या महिन्यात त्याला म्हटलं आता तरी ये इकडे. तो म्हणाला, "दादा, माझी जेवणाची सुट्टी अर्ध्या तासाची, त्यात डबा खायचा की तुझ्या झोनमध्ये पळायचं?" आणि समोर मॅक्स उघडून बसला.