सोव्हिएत लेखक संघ: सदस्यत्व, मानधन आणि शिधापत्रिका

२३ एप्रिल १९३२ रोजी सोव्हिएत कम्युनिस्ट पक्षाच्या केंद्रीय समितीने ठराव करून लेखकांच्या तोवरच्या संघटना मोडीत काढल्या. त्यांतली सर्वांत आक्रमक म्हणजे 'राप', रशियन सर्वहारा लेखकांची संघटना. तिच्या दादागिरीला कंटाळलेल्या अनेक लेखकांना या ठरावाने हायसेच वाटले. ऑगस्ट १९३४ मध्ये मॉस्कोत नव्या एकमेव संघाचे, म्हणजे सोव्हिएत लेखक संघाचे, पहिले अधिवेशन भरले. अध्यक्षस्थानी कादंबरीकार गॉर्की, पक्षातर्फे बोलायला पक्षनेते झ्दानोव्ह. 'समाजवादी वास्तववाद', म्हणजे वास्तव समाजवादाकडे वाटचाल करताना दाखवण्याचे धोरण, थेट संघाच्या घटनेत गेला.

खरी पकड पैशाची होती. त्याच वर्षी 'लितफोंद' हा लेखकनिधी स्थापन झाला. प्रकाशनगृहे आणि नाट्यगृहांकडून येणाऱ्या ठरावीक रकमांवर तो चाले. कर्ज, दवाखाना, लिहायला निवांत जागा हवी तर विश्रामगृह, हे सगळे त्याच्याकडून. मॉस्कोजवळच्या पेरेदेल्किनोतले दाचे, म्हणजे शहराबाहेरची घरेही, त्याचेच. लेखक तिथे राहत, मालकी निधीची. त्यामुळे घर कधीही काढून घेता येई.

मानधनाचा हिशेबही समजून घ्यावा. आपल्याकडे प्रकाशक १६ पानांचा फर्मा मोजतात. तिथे लेखकाला पैसे मिळत ते मोकळ्या जागा धरून ४०,००० अक्षरांच्या एककावर, कवितेला ओळींवर. दर ठरे तो साहित्यप्रकार आणि छापायच्या प्रतींवरून. पुस्तक दुकानात धूळ खात पडले तरी फरक पडत नसे. प्रती किती छापायच्या हे वरून ठरत असल्याने संघाच्या पदाधिकाऱ्यांच्या जाडजूड कादंबऱ्या भरमसाट छापल्या जात. अशा लेखनाला लोक कुत्सितपणे 'सेक्रेटरी साहित्य' म्हणत.

सेन्सॉर, म्हणजे १९२२ पासूनचे 'ग्लावलित', या साखळीत बऱ्याच उशिरा येई. आधी संपादक, मग अंतर्गत परीक्षणे, दुरुस्त्या; जुळणी झाल्यावर सेन्सॉरचा शिक्का. बरेचसे काम तोवर संपादकाने, किंवा त्याच्याही आधी लेखकानेच, उरकलेले असे.

सदस्यत्व गेले की काय होते, हे ऑगस्ट १९४६ च्या ठरावानंतर दिसले. लेनिनग्राडच्या दोन मासिकांवर ठपका ठेवणाऱ्या त्या ठरावात कवयित्री आख्मातोवा आणि विनोदी लेखक झोश्चेंको यांना लक्ष्य केले होते. सप्टेंबरात दोघांनाही संघातून काढले आणि युद्धानंतरच्या त्या टंचाईत शिधापत्रिकाही गेल्या. अशा वेळी भाषांतर हाच आधार उरे. पुढे आख्मातोवांना १९५१ मध्ये, झोश्चेंकोंना १९५३ मध्ये परत घेतले.

हकालपट्टी शक्यतो सहकाऱ्यांच्या हातूनच घडवली जाई. १९५८ मध्ये 'डॉक्टर झिवागो'चे लेखक पास्तरनाक यांना नोबेल जाहीर झाले २३ ऑक्टोबरला. २७ ला संघाने त्यांना काढले, २९ ला त्यांनी पारितोषिक नाकारले आणि ३१ ला मॉस्कोतल्या लेखकांच्या सभेने नागरिकत्वही काढून घेण्याची मागणी केली. लितफोंदचे सदस्यत्व मात्र राहिले. म्हणून १९६० मधल्या त्रोटक मृत्युवार्तेत संघाच्या वृत्तपत्राने त्यांचा उल्लेख 'लितफोंदचे सदस्य' असा केला. कारकुनी अचूकता म्हणायची ती हीच! कादंबरीकार सोल्झेनित्सिन यांनी १९६७ मध्ये संघाच्या अधिवेशनाला पत्र लिहून सेन्सॉरशिप रद्द करण्याची मागणी केली होती. १९६९ मध्ये त्यांना काढायला रियाझानची मूठभर सदस्यांची शाखा पुरली.

जो कधी सदस्यच नव्हता त्याच्यासाठी १९६१ चा 'परजीवी', म्हणजे कामधंदा न करणाऱ्या, लोकांविरुद्धचा हुकूम होता. १९६४ मध्ये लेनिनग्राडच्या न्यायालयात तरुण कवी ब्रॉडस्कीला विचारले गेले की तू कवी असल्याचे ठरवले कोणी. संघाच्या काही सदस्यांनी त्याच्या बाजूने साक्ष दिली, तरी पाच वर्षांची हद्दपारी झाली. देशात आणि बाहेर ओरड झाल्यावर १९६५ मध्ये त्याला सोडले.

१९९१ मध्ये सोव्हिएत संघराज्याबरोबर हा संघही फुटला. वारस संघटना पुढे बरीच वर्षे भांडल्या त्या मालमत्तेवरून, पेरेदेल्किनोच्या दाच्यांसकट.