काळनदी

काळनदी म्हणजे अशी कल्पित नदी, जिच्या पात्रात किंवा काठावर काळ नेहमीसारखा चालत नाही. कुठे ती वार पाळते, कुठे मागच्या जन्माची आठवण पुसते, कुठे एका बुडीत हजारो वर्षे सामावून घेते. अशी नदी नकाशावर सापडत नाही, पण ज्यांनी ती कल्पिली त्यांच्या सणवारांत आणि अंत्यविधींत ती वाहत असते. नाशिककराला ही कल्पना परकी वाटायचे कारण नाही. गोदावरीकडे, म्हणजे आपल्या बोलण्यातल्या ‘गंगे’कडे, शास्त्रकारांनी आणि लोकांनी मिळून जवळजवळ हेच काम सोपवले आहे.

या कल्पनेचे सर्वांत ठसठशीत रूप ज्यू परंपरेत आहे. सांबात्योन नावाची ही नदी सहा दिवस दगडधोंडे उसळवत वाहते आणि शब्बाथला, शनिवारी, निवांत होते. तिच्या पलीकडे इस्रायलच्या हरवलेल्या दहा जमाती राहतात अशी आख्यायिका आहे. सहा दिवस दगडांमुळे नदी ओलांडता येत नाही, आणि सातव्या दिवशी वाट मोकळी होते तेव्हा त्या दिवशी प्रवास न करण्याचा शब्बाथचा नियम पाय अडवतो. इतकी साधी आणि इतकी काळजाला भिडणारी अडचण दुसऱ्या कुठल्या नदीकथेत क्वचितच सापडेल. पहिल्या शतकातला रोमन लेखक प्लिनी याने यहुदियात, म्हणजे ज्यूंच्या प्राचीन भूमीत, दर शब्बाथला कोरडा पडणाऱ्या ओढ्याची नोंद केली आहे. त्याच शतकातला इतिहासकार जोसेफस मात्र उलट सांगतो: नदी सहा दिवस कोरडी असते आणि सातव्या दिवशी वाहते. तालमूद या ज्यूंच्या धर्मग्रंथात रब्बी (धर्मगुरू) अकिवा यांना एक रोमन अधिकारी विचारतो, हा दिवस बाकीच्या दिवसांहून वेगळा कशावरून? रब्बी या नदीची साक्ष काढतात. माणसांनी पाळलेला वार पाणीही पाळते, असा तो दाखला.

आपल्याकडे याचा एक धागा कोकणात पोहोचतो. मराठी बोलणारे तिथले ज्यू, म्हणजे बेने इस्रायल लोक, तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून गावकरी त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. नदीऐवजी इथे घाणा थांबे.

ग्रीकांची लीथी नदी विस्मरणाची. तिचे पाणी प्यायलेला आत्मा मागचे सगळे विसरतो. आपल्या पुराणांतली वैतरणी यमाच्या वाटेवरची आहे. तिच्या नावाशी मिळतेजुळते नाव असलेली खरी वैतरणा त्र्यंबकेश्वरच्या डोंगरांत उगम पावून पश्चिमेला अरबी समुद्राला मिळते. त्याच डोंगररांगेत, ब्रह्मगिरीवर उगम पावणारी गोदावरी पूर्वेकडे सुमारे १,४६५ किलोमीटर जाते.

गोदावरी स्वतः कल्पित नाही, पण तिच्याभोवती रचलेला काळ पाहिला तर तिला काळनदी म्हणायला हरकत नाही. गुरू सिंह राशीत असताना गोदावरीत एकदा स्नान केले, तर भागीरथीत, म्हणजे उत्तरेतल्या गंगेत, साठ हजार वर्षे स्नान केल्याचे पुण्य मिळते, असे धर्मग्रंथ सांगतात. साठ हजार वर्षे एका बुडीत! गुरूला राशिचक्राची फेरी पुरी करायला ११.८६ वर्षे लागतात, म्हणून सिंहस्थ साधारण बारा वर्षांनी येतो. २००३ आणि २०१५ नंतर आता २०२७ च्या स्नानांची तयारी आहे. रामकुंडाजवळच्या गंगा-गोदावरी मंदिराचे दारही या पर्वातच उघडते.

याहून विलक्षण नियम लग्नाचा आहे. सिंहस्थात विवाह वर्ज्य, पण हा निषेध गोदावरीच्या उत्तर तीरापासून भागीरथीच्या दक्षिण तीरापर्यंतच्या प्रदेशाला. गोदावरीच्या दक्षिणेला तो लागत नाही. गुरू सिंह नवमांशात (राशीच्या नऊ भागांपैकी सिंहाच्या भागात) असेल तेवढा काळ मात्र सगळीकडेच टाळतात. हा नियम नाशिकला लावून पाहावा. पंचवटी उत्तर तीरावर, जुने नाशिक दक्षिण तीरावर, आणि मधे पूल ओलांडायला लागतील तेवढीच मिनिटे. तेवढ्या अंतरात मुहूर्त बदलतो. म्हणजे एकच तारीख एका काठावर मंगल आणि समोरच्या काठावर निषिद्ध ठरते, निदान शास्त्राच्या अक्षरानुसार. सांबात्योन काळाचे आठवड्यात तुकडे करते, गोदावरी दोन तीरांत.

घाटावर संकल्प ऐकला की हे कानांनाही कळते. हातात पळीभर पाणी घेतलेल्या यजमानाकडून गुरुजी आधी स्थळ वदवून घेतात, ‘दंडकारण्ये देशे गोदावर्याः’ आणि पुढे तीर, आणि त्याच दमात शालिवाहन शक, संवत्सर, मास, तिथी. काठ बदलला की ‘उत्तरे’चे ‘दक्षिणे’ होते. नदीचा काठ सांगितल्याशिवाय वेळ पुरती सांगून होत नाही, आणि मग पाणी ताम्हणात सोडले जाते.

पुराची कालगणना याहून वेगळी, आणि ती कुठल्याच ग्रंथात नाही. गोदापात्रातली दुतोंड्या मारुतीची मूर्ती हीच तिची मोजपट्टी. पाणी मारुतीच्या गुडघ्याला आले, कमरेला आले, गळ्याशी आले, एवढे सांगितले की नाशिककराला पूर कळतो. वर्षेही तशीच लक्षात राहतात: १९६९, २००८, २०१६, २०१९. घरातले लग्न, बाळंतपण, दुकानाचे नुकसान या पुरांच्या अलीकडे-पलीकडे मोजले जाते. पाणी ओसरले की घाटावरचा गाळ उपसतात, आणि बुधवारचा बाजार पुन्हा गंगेवर भरतो.