द किड फ्रॉम बोर्निओ

‘अवर गँग’ या अमेरिकन बालविनोदी चित्रमालिकेतील एक लघुपट. दोन रिळांचा, कृष्णधवल बोलपट. निर्माता हॅल रोच, दिग्दर्शक रॉबर्ट मॅकगोवन, वितरक मेट्रो-गोल्डविन-मेयर. १५ एप्रिल १९३३ रोजी तो प्रदर्शित झाला. पुढे दूरचित्रवाणीवर ही मालिका ‘द लिटल रास्कल्स’ या नावाने गाजली, तेव्हा वंशभेदी चित्रणामुळे प्रक्षेपणातून वगळलेल्या भागांत याचे नाव ठळकपणे घेतले जाते.

कथा गैरसमजावर उभी आहे. डिकी, डोरोथी आणि धाकटा स्पँकी या भावंडांचा जॉर्ज अंकल गावात आला आहे. अंकल म्हणजे आपल्याकडचा मामा, आईचा भाऊ. पण बापाला हा मेहुणा घराच्या उंबऱ्यात नको आहे. म्हणून आई मुलांनाच त्याला भेटायला पाठवते. मामा जत्रेतल्या एका खेळाचा चालक आहे आणि त्या खेळाचे आकर्षण आहे बंबो, ‘बोर्निओचा रानटी माणूस’. बोर्निओ म्हणजे आग्नेय आशियातले एक बेट. मुले तंबूत शिरतात तेव्हा मामा जागेवर नसतो. समोर बंबो असतो, आणि मुले त्यालाच मामा समजतात. बंबो कोणाला इजा करणारा नाही, त्याला फक्त गोड खाऊ हवा आहे. पण त्याच्या तोंडी जवळजवळ एकच वाक्य आहे, ‘यम यम, ईट एम अप!’ आता हा आपल्यालाच खाणार, असे वाटून मुले पळत सुटतात आणि बंबो त्यांच्यामागे थेट घरी येतो. पुढचा सर्वांत लक्षात राहणारा प्रसंग स्वयंपाकघरातला. जेमतेम चार वर्षांचा स्पँकी आपल्याऐवजी दुसरे काहीतरी त्याच्या पोटात जावे म्हणून शीतकपाटातली एकेक वस्तू त्याच्यापुढे धरत राहतो. विनोदाची वेळ साधण्यात हा पोर भल्याभल्या नटांना भारी आहे.

‘बोर्निओचा रानटी माणूस’ ही कल्पना चित्रपटवाल्यांची नव्हे. एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत हायरम आणि बार्नी डेव्हिस हे दोघे भाऊ याच नावाने मिरवले जात. उंची जेमतेम ४० इंच, पण अंगात विलक्षण ताकद. प्रेक्षकांतल्या धडधाकट माणसांना ते उचलून दाखवत. दोघेही गोरे आणि ओहायो राज्यात वाढलेले. बोर्निओशी त्यांचा काडीचाही संबंध नव्हता. प्रसिद्ध खेळवाला पी. टी. बार्नम याच्या खेळांतूनही त्यांचे प्रदर्शन झाले. धंदा चालला तो नावावर, आणि ते नाव दोघांच्या पश्चातही जत्रांतून टिकले. चित्रपटात मात्र ‘रानटी’ म्हटल्यावर काळा माणूस हे समीकरण गृहीतच धरलेले आहे. खऱ्या बोर्निओत दायाक आणि इतर अनेक समाज राहतात, त्यांच्या वेशभूषेचा किंवा भाषेचा मागमूसही बंबोत नाही. याच्या महिनाभर आधी ‘किंग काँग’ झळकला होता, यावरून दूरच्या बेटांवरील ‘जंगली’ माणसांचे त्या वेळच्या हॉलिवूडला किती आकर्षण होते ते कळते.

बंबोचे काम करणारे जॉन लेस्टर जॉन्सन हे पूर्वाश्रमीचे मुष्टियोद्धे. १९१६ मध्ये न्यूयॉर्कला त्यांनी जॅक डेम्प्सीशी लढत दिली आणि त्याच्या बरगड्या मोडल्या. हाच डेम्प्सी तीन वर्षांनी हेवीवेट जगज्जेता झाला. अशा माणसाला पडद्यावर मिळाले ते कातडी नेसणे, डोळे वटारणे आणि तेच एक वाक्य.

आक्षेपाचे मूळ नरभक्षकाच्या विनोदापुरते नाही. बंबो थोराड आहे, पण त्याला बुद्धी लहान मुलाची आणि भूक श्वापदाची दिली आहे. काळा माणूस एकतर भीतीदायक नाहीतर बालिश, या दोन्ही जुन्या साच्यांत तो एकाच वेळी बसतो. एक गोष्ट मात्र सहसा नोंदली जात नाही. हा काळा माणूस आपल्या आईचा भाऊ असू शकतो, यात या गोऱ्या मुलांना काहीच वावगे वाटत नाही. गोऱ्या-काळ्यांच्या विवाहाला अनेक राज्यांत कायद्याने बंदी असलेल्या काळात ही गोष्ट लहान नव्हती. ती हेतूपुरस्सर होती असे म्हणणे धाडसाचे ठरेल. बहुधा लेखकांना ती फक्त मुलांच्या भाबडेपणाची गंमत वाटली असावी.

याच टोळीत स्टायमी आहे. मॅथ्यू बिअर्ड या कृष्णवर्णीय मुलाने रंगवलेला, डोक्यावर गोल डर्बी टोपी घालणारा, थंड डोक्याचा आणि हजरजबाबी. ती टोपी त्याला विनोदी नट स्टॅन लॉरेलने दिली होती. १९२२ पासून १९४४ पर्यंत निघालेल्या या मालिकेच्या २२० लघुपटांत काळी आणि गोरी मुले एकत्र हुंदडतात, भांडतात, एकाच ताटातले खातात. दक्षिणेत शाळासुद्धा वेगळ्या होत्या तेव्हाची ही गोष्ट. पण त्याच मालिकेत फरिना हे दुसरे काळे मूल घाबरले की त्याच्या वेण्या ताठ उभ्या राहतात, आणि तो मुलगा की मुलगी हेही बराच काळ धूसर ठेवले जाते. स्टायमीला लेखकांनी अक्कल दिली आणि बंबोला दिली नाही. दोघे एकाच चित्रपटात वावरतात, म्हणूनच हा भाग अभ्यासकांच्या कामाचा आहे.

१९५५ पासून हे लघुपट अमेरिकेत दूरचित्रवाणीवर दिसू लागले. ‘अवर गँग’ हे नाव मेट्रो-गोल्डविन-मेयरकडे राहिल्याने नवे नाव घ्यावे लागले. १९७१ मध्ये वितरक किंग वर्ल्डने काही भाग मागे घेतले आणि कित्येकांना कात्री लावली. ‘द किड फ्रॉम बोर्निओ’ मागे घेतलेल्यांपैकी एक. विनोदच बंबोवर बेतलेला असल्याने एखाददुसरा प्रसंग कापून तो सुधारण्यासारखा नव्हताच. २००८ मध्ये रोचच्या काळातील ८० बोलपटांचा डीव्हीडी संच निघाला, त्यात हाही आहे.