भारलेला

भारलेला (वि.; भारलेली, भारलेले; सामान्यरूप भारलेल्या) : मंत्र पुटपुटून, फुंकर घालून किंवा तशाच एखाद्या विधीने ज्यात शक्ती घातली आहे असे मानले जाते तो, ती किंवा ते. 'भारणे' या सकर्मक क्रियापदापासून झालेले हे विशेषण लिंबू, दोरा, अंगारा, पाणी, सुपारी, नारळ, खिळा, काळी बाहुली अशा हाताळता येणाऱ्या वस्तूंना लागते. माणसाला लागले की अर्थ पालटतो. ते पुढे येईल. सातारा-सांगलीकडच्या बोलीत उच्चार 'भारल्याला, भारल्याली, भारल्यालं' असा होतो, आणि गावात ऐकू येतो तो मुख्यतः नपुंसकलिंगी, कारण सगळ्यात जास्त भारले जाते ते लिंबू.

या शब्दाची सगळी ताकद त्याच्या व्याकरणात आहे. भारलेले म्हटले की भारणारा कुणीतरी असलाच पाहिजे, पण वाक्यात तो सांगावा लागत नाही. सकाळी उंबऱ्याबाहेर हळदकुंकू लावलेले लिंबू दिसते. सासू सुनेला म्हणते, "हात लावू नगंस त्येला. भारल्यालं दिसतंय." लगेच पुढचा प्रश्न येतो, "कुणी टाकलं आसंल?" लिंबू आपोआप गडगडत आले असेल, पोराने खेळताना टाकले असेल, शेजारणीच्या पूजेतले असेल, या शक्यता त्या विशेषणाने आधीच बाद केलेल्या असतात. रिकामी राहिलेली कर्त्याची जागा मग भाऊबंदकी, बांधाचे भांडण आणि एकट्या राहणाऱ्या विधवा बाईवरचा संशय यांतून भरली जाते.

जवळच्या शब्दांशी याची गल्लत होते, पण बोलणारे त्यांत नेमका फरक करतात. 'मंतरलेला' यात मंत्राचा उच्चार उघड असतो, आणि त्याला बऱ्यापैकी सौम्य वास आहे: मंतरलेले पाणी, मंतरलेला अंगारा. आटपाडी तालुक्यातल्या गदिमांनी आपल्या आठवणींना 'मंतरलेले दिवस' हे नाव दिले, तिथे कुणाला भीती वाटत नाही. 'भारलेले दिवस' म्हटले असते तर वेगळीच छटा आली असती. 'झपाटलेला' आणि 'पछाडलेला' माणसाला किंवा वाड्याला लागतात, लिंबाला नाही. 'लागीर' झाले तेही माणसालाच. 'उतरलेला' किंवा 'ओवाळलेला' म्हणजे अंगावरून फिरवून पीडा ज्यात घेतली आहे तो. तिकटीवर पत्रावळीत ठेवलेला दहीभात, अंडे आणि लिंबू हा उतारा असतो, तो भारलेला नसतो. भारण्यात शक्ती वस्तूत घालतात, उतरवण्यात माणसातली पीडा काढून वस्तूत टाकतात. दोन्ही लिंबे दिसायला सारखीच असल्याने पायाखाली कुठले आले यावर वाद होतो. दुकानाच्या चौकटीला किंवा ट्रकच्या बंपरला तारेत ओवलेले लिंबू, सात हिरव्या मिरच्या, बिब्बा आणि कोळसा हे तर दोन्हींतले काहीच नाही. ते दृष्टीसाठी असते, बाजारात तयार मिळते, त्यावर कुणी मंत्र म्हणत नाही आणि दर शनिवारी बदलतात.

'जागृत' हे विशेषण उलट्या टोकाचे. देवस्थान जागृत असते, भारलेले नसते. म्हसवडच्या किंवा खरसुंडीच्या सिद्धनाथाला, आरेवाडीच्या बिरोबाला कुणी भारलेला म्हणणार नाही. देवाची शक्ती देवाची स्वतःची, कुणी घातलेली नव्हे. पण त्याच देवळातला भंडारा देवरशाने मुठीत धरून, पुटपुटून दिला की तो 'भारून दिलेला' होतो.

भारणारा माणूस या भागात देवरशी (देवऋषी), मांत्रिक किंवा नुसता 'जाणता'; जुन्या मराठीत पंचाक्षरी. लिंबू कागदी लागते: पिवळे, डाग नसलेले, शक्यतो देठासकट. ते उजव्या मुठीत असे धरतात की देठ अंगठ्याखाली येईल, मूठ ओठांजवळ नेतात, मंत्र पुटपुटतात आणि प्रत्येक आवर्तनाला एक फुंकर घालतात. आवर्तने ३, ७, ११ किंवा २१. संख्या सम नसते. मंत्र बहुधा शाबरी, म्हणजे नवनाथांच्या नावाने चालत आलेला, आणि भाषा मोडकी हिंदी नि मराठी यांची मिसळ. 'शब्द साचा, पिंड काचा' या धाटणीचा शेवट पुष्कळांत सापडतो. ऐकणाऱ्याला तो समजू नये ही अटच आहे, म्हणून अर्धा आवाज घशातच राहतो. शेवटी कुंकवाचा टिळा लावून लिंबू काळ्या किंवा लाल फडक्यात बांधून देतात. अमावस्या आणि ग्रहण हे काळ खास मानतात. ग्रहणात मंत्र 'सिद्ध' करून ठेवला की वर्षभर चालतो असा समज आहे.

दोरा भारण्याची रीत थोडी वेगळी. काळ्या सुती दोऱ्याचे सात पदर एकत्र पिळतात, एका आवर्तनाला एक गाठ मारतात, टोके धुपावर धरतात. हा झाला गंडा. मनगट, दंड, गळा किंवा लहान मुलाची कंबर ही बांधण्याची ठिकाणे. अंगारा उदबत्तीचा किंवा धुपाचा. कागदाच्या पुडीत चिमूटभर, कपाळाला लावायला आणि कधी पाण्यातून प्यायला. राख प्यायला देणे हा प्रकार लहान मुलांच्या बाबतीत सरळ धोक्याचा आहे, मग ती कुणी का भारलेली असेना.

वस्तू भारलेली राहण्यासाठी पथ्ये असतात आणि खरी मेख त्यांतच आहे. लिंबू भुईला लागता कामा नये. दोरा घालून सुतकाच्या घरी जायचे नाही, विटाळाची सावली पडू द्यायची नाही, अमुक दिवस मांसाहार नाही. यांतले काहीतरी महिन्याभरात मोडतेच. गुण आला नाही की 'दोरा उतरला' असे म्हणून नवा बांधायला सांगतात. गुण आला तर श्रेय मंत्राचे, नाही आला तर चूक रुग्णाची, असा हा चोख हिशेब आहे.

घरात टांगलेल्या लिंबावरूनही कौल काढतात. वाळून टणक झाले तर त्याने पीडा शोषली; सडून काळे पडले तर समोरच्याची करणी जबर. दोन्हींना कारण साधे आहे. साल न दुखावलेले लिंबू कोरड्या हवेत पाणी गमावून आक्रसते आणि लाकडासारखे होते. सालीला चीर गेली किंवा हवा दमट असली की बुरशी धरते. माण, खटाव, जत, आटपाडी या पाचशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडणाऱ्या पट्ट्यात लिंबे वाळतात. महाबळेश्वरला वर्षाला ५००० मिलिमीटरच्या पुढे पाऊस होतो. तिथे आणि पाटणच्या कोयनाकाठच्या गावांत पावसाळ्यात ती सडतात. म्हणजे करणीचा जोर पर्जन्यमानाप्रमाणे बदलतो, असे म्हणावे लागेल.

लिंबू भारलेले आहे हे दाखवून देण्याच्या युक्त्याही ठरलेल्या आहेत. सगळ्यात चालणारी म्हणजे लिंबातून रक्त काढणे. सुरीच्या पात्याला लाल जास्वंदीच्या पाकळ्या चोळून वाळू देतात. पात्यावर जेमतेम निळसर-जांभळी झाक राहते, ती दिव्याच्या उजेडात दिसत नाही. लिंबू कापले की रसातल्या आम्लाने तो रंग लाल होतो आणि थेंब खाली पडतात. पाते कुणी पुसले, किंवा लिंबू जून आणि बिनरसाचे निघाले, तर रक्त येत नाही. दुसरी युक्ती हळदीची. हळद लावलेल्या लिंबावर 'तीर्थ' म्हणून चुन्याची निवळी शिंपडली की हळद तांबडी होते. पण याच लिंबाला चिरले तर रस लागून तांबडेपणा पुन्हा पिवळा पडतो, म्हणून जाणता ते कधी कापत नाही. फडक्यात गुंडाळून ओढ्यात सोडायला सांगतो. भारलेला नारळ आपोआप पेटतो तो शेंडीत दडवलेल्या पोटॅशियम परमँगनेटवर ग्लिसरीन पडल्यामुळे. पेट घ्यायला काही क्षण जातात, थंडीत जास्तच. तेवढा वेळ मंत्राने भरून काढतात. १९८९ मध्ये स्थापन झालेल्या महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे कार्यकर्ते हे प्रयोग शाळाशाळांतून करून दाखवत आले आहेत. समितीचे संस्थापक डॉ. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचे. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांची हत्या झाली.

वाई तालुक्यातल्या मांढरदेव डोंगरावर, काळूबाईच्या देवळाच्या परिसरात, भारलेल्या वस्तूंचा एक उघड साठाच असे. झाडांच्या बुंध्यांना खिळ्यांनी ठोकलेल्या काळ्या बाहुल्या, लिंबे, बिब्बे, कुणाकुणाचे फोटो. २५ जानेवारी २००५ रोजी पौष पौर्णिमेच्या यात्रेत चेंगराचेंगरी होऊन सुमारे ३०० भाविक मृत्युमुखी पडले. त्यानंतर तिथल्या प्रथांवर निर्बंध आले.

दाभोलकरांच्या हत्येनंतर झालेल्या जादूटोणाविरोधी कायद्यात (२०१३) या विशेषणाशी थेट भिडणारी दोन कलमे अनुसूचीत आहेत. अमुक व्यक्ती करणी करते, भूत लावते, मंत्राने जनावरांचे दूध आटवते असे सांगून तिच्याविषयी संशय निर्माण करणे हा गुन्हा आहे. म्हणजे उंबऱ्यावरच्या लिंबाचा रिकामा कर्ता एखाद्या नावाने भरून त्या माणसाला छळणे. दुसरे, साप, विंचू किंवा कुत्रा चावलेल्याला दवाखान्यात जाऊ न देता मंत्रतंत्र, गंडेदोरे करत बसणे. शिक्षा ६ महिने ते ७ वर्षे कैद आणि ५ हजार ते ५० हजार रुपये दंड. सापाच्या बाबतीत भारलेल्या गंड्याची कीर्ती का टिकते हेही सांगायला हवे: शिवारात दिसणारे बरेचसे साप बिनविषारी असतात, आणि विषारी सापाचा प्रत्येक दंश विष सोडतोच असे नाही. असा रुग्ण गंड्याशिवायही वाचला असता. ज्याला नाग, मण्यार, घोणस किंवा फुरसे खरोखर विष ओतून चावले, त्याचे गंडा बांधण्यात गेलेले तास परत येत नाहीत; त्याला प्रतिसर्पविषच लागते.

लाक्षणिक अर्थाने हे विशेषण माणसाला लागते, तेव्हा चांगला अर्थ येतो आणि व्याकरणही उलटे होते: कर्ता लपत नाही, तृतीयेत उघड सांगावा लागतो. 'ध्येयाने भारलेली पिढी', 'स्वातंत्र्याच्या विचाराने भारलेले तरुण'. क्रांतिसिंह नाना पाटलांच्या प्रतिसरकारविषयी लिहिताना हा प्रयोग हमखास येतो, इतका की आता तो गुळगुळीत झाला आहे. (ती चळवळ जुन्या सातारा जिल्ह्यातली, सांगली जिल्हा १९४९ मध्ये 'दक्षिण सातारा' म्हणून वेगळा झाला आणि १९६० मध्ये त्याला आजचे नाव मिळाले.) नुसते 'तो भारलेला आहे' म्हटले तर ऐकणारा आधी देवरशाकडे बघेल. अपवाद 'भारलेले वातावरण' हा एकच. तिथे तृतीया नसली तरी चालते.

'भारावलेला' हा वेगळा शब्द. तो 'भारावणे' या अकर्मक क्रियापदाचा. कौतुकाने, उपकाराने मन दाटून आलेला असा अर्थ. सत्काराला उत्तर देणारा वक्ता भारावलेला असतो. तो भारलेला आहे असे बातमीत छापले की गंमत होते. शाळेच्या विज्ञानात विजेचा भार असलेला कण 'प्रभारित', सांख्यिकीत वजन दिलेली सरासरी 'भारित'. भारलेला कण किंवा भारलेली सरासरी कुणी म्हणत नाही. आणि एका कान्याचा फरक सांभाळावा: 'भरलेली वांगी' हा खानावळीतला पदार्थ आहे, फळ्यावर 'भारलेली वांगी' लिहिले तर गिऱ्हाईक पिठलं-भाकरी मागते.