श्रेय दिलं तरी ती चोरीच: पंजाबी लघुपटांबद्दलचा एक जुना गैरसमज

‘पंजाबी लघुपट यूट्यूबवर फुकटच असतात, श्रेय देऊन आपल्या चॅनेलवर टाकले तर उलट प्रसिद्धीच होते’, असं वर्षानुवर्षे सांगितलं जातं. हे साफ चूक आहे. १९५७च्या कॉपीराइट कायद्याचं संरक्षण नोंदणीशिवायही मिळतं आणि श्रेय म्हणजे परवानगी नव्हे.

जाहिरातींचा वाटा मिळायला चॅनेलला १,००० सदस्य आणि १२ महिन्यांत ४,००० तासांचं प्रेक्षण लागतं. २० मिनिटांचा लघुपट १२,००० वेळा पूर्ण पाहिला गेला, तर ते तास भरतात. प्रेक्षक चोरीच्या प्रतीकडे वळले की नवख्या चमूचं हेच गणित कोलमडतं. तिकीटविक्री तर नसतेच.

उपाय आहे. यूट्यूब स्टुडिओतल्या कॉपीराइट विभागातून मूळ लघुपटाची आणि चोरीच्या प्रतीची लिंक देऊन प्रत हटवण्याची विनंती करा. आपोआप शोध घेणारं साधन जवळपास पूर्ण प्रती पकडतं. उलटवलेलं चित्र किंवा कापलेल्या कडा निसटू शकतात. म्हणून नाव गुरुमुखी आणि रोमन, दोन्ही लिप्यांत स्वतः शोधा. समोरून प्रतिदावा, म्हणजे प्रत चुकीनं हटवली असा दावा, आला, तर १० कामकाजी दिवसांत कायदेशीर कारवाईचा पुरावा द्यावा लागतो, नाहीतर प्रत परत झळकू शकते. मूळ चित्रीकरण आणि कलाकारांचे करार त्यासाठीच जपा.